मसाल्याची शेवटची पुरचुंडी

सिनेमाला जाताना कुणी कागद-पेन्सिल घेऊन जातं का? मी गेले होते. बोरिवलीतल्या एका थिएटरात, दुपारच्या खेळाला, पडद्यापासून चौथ्या रांगेत आई आणि मी बसलो होतो आणि माझ्या मांडीवर वहीचं फाडलेलं पान होतं. सिनेमा कुठला होता ते आज विचाराल तर सांगता यायचं नाही. आम्ही त्याच्यासाठी गेलोच नव्हतो. त्या काळी खेळ सुरू होण्याआधी दहा-पंधरा मिनिटांची सरकारी फिल्म दाखवायचे. धरणं, शेती, लसटोचणी, असलं काहीतरी. लोक तेवढ्यात बाहेर जाऊन विडी ओढून यायचे. आम्ही मात्र तेवढ्यासाठीच तिकिटं काढली होती, कारण त्या दिवशीची फिल्म समुद्रकाठच्या खाण्यापिण्यावर होती आणि तिच्यात आमची मसाला कांडणारी मावशी होती.

ती पडद्यावर आमच्या घरचा मसाला उघडा करणार याची आईला खातरी होती. ती काय काय आणि किती टाकते ते मी टिपून घ्यायचं, आणि मग तो कागद सगळ्या चाळीसमोर तिच्या तोंडावर मारायचा, असा बेत होता. थिएटरात अंधार असतो आणि अंधारात लिहिता येत नाही, हे दोघींच्याही टाळक्यात आलं नव्हतं.

आधी आमच्या घराचं सांगते, म्हणजे आईला उगाच कुणी नावं ठेवणार नाही. बाबा गेले तेव्हा मी तेरा वर्षांची. मूळ गाव मालवणच्या बाजूचं, पण तिथं परत जाऊन करणार काय? आईनं चाळीतल्या दोन खोल्यांत खानावळ घातली. मागाठाण्याच्या, कांदिवलीच्या कारखान्यांत कामाला असलेले कोकणातले बाप्ये जेवायला यायचे. बायकामुलं गावी, हे इथं एकेका खोलीत आठ-आठ जण. त्यांना आईच्या हातचं बांगड्याचं कालवण हवं असायचं. दोन पंगती बसायच्या. कुणी ताट चाटूनपुसून उठला की आई दारामागून माझ्याकडे बघायची. हसायची नाही, नुसतं बघायची. आमचं घर त्या कालवणावर चालत होतं आणि ते कालवण मसाल्यावर.

आता मसाला प्रत्येक घरचा वेगळा. मालवणी म्हणून डोळे मिटून एकच मसाला सगळीकडे असतो असं ज्यांना वाटतं त्यांनी आमच्या चाळीत येऊन बघायला हवं होतं. एका भिंतीपलीकडे मसाल्याचा रंग वेगळा, वास वेगळा. आणि माप कुणी कुणाला सांगायचं नाही. सख्ख्या बहिणी एकमेकींना सांगत नसत. आई तर म्हणायची, "पोटातला पोर दाखवीन, पण मसाल्याचा माप नाय."

पण मसाला कांडायचा म्हणजे एकटीचं काम नव्हे. वर्षाचा, तोही खानावळीचा! त्यासाठी यायची गोराईची मावशी. ती जातीची कोळीण. चाळीत सगळे तिला मावशीच म्हणायचे. होळी झाली की खाडी ओलांडून यायची, तरीतून उतरून बोरिवलीपर्यंत तंगडतोड करत, खांद्यावर तिची स्वतःची दोन मुसळं. दुसऱ्याचं मुसळ ती हातात धरायची नाही. उंचीला माझ्या खांद्याला लागेल एवढी, पण दंड असे की आमच्या जेवणाऱ्या बाप्यांनी बघावं. पंधरा-वीस दिवस चाळीत राहायची. आज या घरचं, उद्या त्या घरचं. उखळ आमच्या दारासमोरच्या अंगणात पुरलेलं होतं, तेव्हा सगळ्यांचं कांडप आमच्याच डोळ्यांदेखत चालायचं. मिरच्या भाजायला घेतल्या की अख्खी चाळ खोकायची आणि मावशी मात्र ढिम्म.

या कामाची एक रीत होती. घरच्या बाईनं मोजून-मापून भाजलेले जिन्नस आणून द्यायचे, मावशीनं कांडायचं, चाळायचं, पुन्हा कांडायचं. आणि शेवटी एक पुरचुंडी यायची. त्यात त्या घरचा खरा जिन्नस, ज्याच्यावर त्या घरचं नाक वर असे. ती पुरचुंडी घरच्या बाईच्या कनवटीला बांधलेली असायची. बाई उखळाजवळ आली की मावशी मुसळ उभं धरून भिंतीकडे तोंड करायची. डोळेसुद्धा मिटायची. बाई पुरचुंडी सोडून उखळात टाकायची, वर मूठभर कांडलेला मसाला पसरून झाकायची आणि म्हणायची, "हां." मग मावशी तोंड फिरवायची आणि घाव सुरू. तिच्या आईपासूनची ही रीत, असं ती सांगायची. तोंड फिरवायला तिला कधी कुणी सांगावं लागलं नाही.

छान रीत होती. पण मी म्हणते, तोंड फिरवून काय उपयोग? मावशीचं नाक होतं ना जागेवर! आणि नाक म्हणजे कसलं, अबब! शेजारणीनं मिरच्यांत गेल्या सालच्या उरलेल्या मिसळल्या तर ही पहिल्या घावाला म्हणायची, "बाय, म्हातारी मिरची घातलीस गो." एकदा तर मी दोन खोल्या पलीकडे डोक्याला तेल लावत होते आणि ती उखळावरून ओरडली, "पोरी, ते तेल खवट झालंय, फेक." असलं नाक ज्या बाईला आहे, तिच्यापासून तुम्ही पुरचुंडी काय लपवणार, कप्पाळ?

हे आईच्याही ध्यानात होतंच. म्हणून कांडपाच्या दिवशी मला उखळाजवळ बसवायची आणि कानात सांगायची, "तिच्या हातार नको, नाकार लक्ष ठेव." मी ठेवायची. बाकी पोरी त्या वयात काय काय बघत होत्या आणि मी एका कोळणीच्या नाकपुड्या बघत बसायची. फुगल्या का? कधी फुगल्या? संशयाचं दूध मी असं लहानपणापासून प्यायलेली आहे. आजही भाजीवाल्यानं एक लिंबू वर टाकलं की मी आधी ते नासकं आहे का बघते.

आता आमच्या पुरचुंडीत काय होतं ते सांगते. नागकेशर. बस. बाकीच्या घरी चिमूटभर पडायचं, काही घरी पडतच नसे. आई दुपटीहून जास्त घालायची आणि सगळ्यात शेवटी घालायची. एवढंच ते गुपित, पण त्याच्यावर आमचं घर उभं होतं.

आणि मग मागच्या गल्लीत दुसरी खानावळ निघाली. चालवणारी बाई आमच्याच मुलखाकडची. दिसायला गोड, बोलायला त्याहून गोड. पहिलं वर्ष आईनं तिला खिसगणतीत धरलं नाही. दुसऱ्या वर्षी आमच्या दुसऱ्या पंगतीतले तिघे तिकडे गेले. मग अजून दोघे. एक जण चार दिवसांनी परत आला तेव्हा आईनं वाढता वाढता विचारलं, "काय, बरा नाय वाटला थंय?" तो बिचारा सरळ मनाचा. म्हणाला, "तसा नाय वयनी, चव अगदी तुमच्यासारखीच. पण थंय जागा नाय बसाक."

आईच्या हातातली पळी तशीच राहिली. पंगत उठल्यावर तिनं मला आत ओढलं. "आयकलंस? तुमच्यासारखीच! कसा काय? आकाशातना पडला?"

"मावशी," मी म्हणाले.

मला दुसरं नाव सुचलंच नाही. मावशी मागच्या गल्लीतही कांडायला जायची. सरळ हिशेब होता. आई डोकं धरून बसली. "खानावळ बुडाली तर खातलस काय? माती?"

सरळ विचारायचं सोडून आईनं सापळा लावला. पुढच्या कांडपाला तिनं पुरचुंडीत नागकेशर बांधलंच नाही. धणे बांधले. धणे तर मसाल्यात आधीच पडलेले होते. मावशीनं नेहमीसारखं भिंतीकडे तोंड केलं, डोळे मिटले. आईनं धणे टाकले, झाकले, म्हणाली, "हां." मी नाकपुड्यांकडे डोळे लावून बसलेली. मावशीनं चार घाव घातले. पाचव्याला मुसळ वरच थांबलं.

"ईसरलीस कं गो बाय?" ती म्हणाली. "दर सालचा वास नाय आला. बघ, घरात ऱ्हायलं असंल."

बिचारी आमच्या भल्यासाठी बोलली हो! मसाला चुकू नये म्हणून. जिला चोरायचं असतं ती अशी तोंडानं कबुली देईल का? पण आम्हांला कुठली अक्कल! आईनं माझ्याकडे बघितलं आणि तिच्या डोळ्यांत मी स्पष्ट वाचलं, गावली! मावशीला तिनं गोड आवाजात सांगितलं, "होय गो, मी मागसून घालतंय." आणि ती गेल्यावर दार लावून स्वतः नागकेशर खलात कुटून मिसळलं. मला म्हणाली, "तिका सगळा ठाऊक आसा. बघितलंस मा?" बघितलं होतं, दोघींनीही, आणि एकसारखंच चुकीचं.

त्याच आठवड्यात फिल्मवाले आले. तिघे होते. एक चश्मेवाला साहेब, एक पोटाशी पेटी धरलेला आणि एक नुसताच घाम पुसणारा. ते गोराईला सुक्या मासळीची चित्रं घ्यायला गेले होते. मावशी शेजारणीचं कांडप अर्धं ठेवून एका दिवसापुरती घरी गेली होती, तिथं त्यांनी तिला बघितलं आणि त्यांना ती भलतीच आवडली. मावशीनं त्यांना सांगितलं, मी माझ्या अंगणात उगाच कशाला कांडू, माझं काम बोरिवलीच्या चाळीत चालतं, तिथं या. आणि त्यांना घेऊन ती थेट आमच्या दारात उभी. तोंडभर हसत होती. पदर नवा होता आणि अंबाड्यात अबोलीची वेणी.

"बाय, तुज्या उखळावं माजं फिलिम घेतात. तुजा मसाला लई नामी, मी त्याना बोलले."

झालं! वाट लागली. आई उंबऱ्यातच कंबरेवर हात ठेवून उभी राहिली. आणि त्यात त्या साहेबाला अवदसा आठवली. तो मावशीला हिंदीत विचारता झाला, यांच्या मसाल्यात काय काय पडतं? मावशीनं उत्तर द्यायला तोंड उघडलं.

ती काय बोलणार होती ते देव जाणे. मला आज वाटतं, "तिला इचारा" एवढंच म्हणणार होती. पण आईनं तिला बोलूच दिलं नाही. "खबरदार! माझ्या दारात तो डबो नको. उचला. उचला म्हणतंय मा!" चाळीतल्या बायका गॅलरीत आल्या. साहेब चश्मा पुसायला लागला. मावशीचं हसू अजून पुरतं गेलं नव्हतं, ती आईची समजूत घालायला पुढे आली, आणि तेवढ्यात मी बोलले. आईनं नव्हे, मी. अठरा वर्षांची घोडी, जीभ ही एवढी लांब.

"मावशी, मागच्या गल्लीत सांगून पोट भरलं नाही म्हणून आता पडद्यावर सांगायला निघालात का?"

तिला आधी समजलंच नाही. मग म्हणाली, "कं सांगून?"

"आमच्या पुरचुंडीत काय असतं ते. तुम्हांला वास येतो. तुम्हीच परवा बोललात की."

"येतो," ती म्हणाली. "तोंड मी फिरवते पोरी. नाक काढून खुंटीला टांगू कं?"

वरच्या गॅलरीत कुणीतरी खुदकन हसलं. मावशीनं वर बघितलं. सगळ्या दारांत उभ्या असलेल्या बायकांकडे एकेक करून बघितलं आणि तेव्हा तिला कळलं की ही थट्टा नव्हे, हे सगळ्यांनाच पटलेलं आहे. तिनं उखळातलं मुसळ काढलं, दुसरं भिंतीला टेकवलेलं उचललं. जाताना माझ्यासमोर थांबली.

"नाकाला ठावं असतं," ती म्हणाली. "तोंडाला नाय."

बस, एवढंच. ती गेली आणि तिच्यामागून ते तिघे पेटी सावरत गेले. शेजारणीच्या मिरच्या अर्ध्या कांडलेल्या तशाच सुपात राहिल्या. संध्याकाळपर्यंत चाळभर झालं, कोळीण मापं विकते. आठवड्याभरात आसपासच्या चाळींत. ज्या घरांनी तिला वीस-वीस वर्षं बोलावलं होतं त्यांनाही लगेच आठवायला लागलं, की हो गं, आमच्या जावेचा मसाला अचानक कसा सुधारला होता! पुढे कुणी तिला बोलावलं नाही. वीज होती, गिरणीत यंत्रावर कांडणारा डंका आला होता, तिकडे मसाला नेऊ लागले. डंक्यावरचा मसाला गरम होतो, जळका वास येतो. पण निदान डंक्याला नाक नाही, असं आई म्हणाली आणि बायका हसल्या. मीही हसले.

दिवाळीनंतर कधीतरी एका जेवणाऱ्यानं बातमी आणली, की "तुमची कोळीण पडद्यावर दिसली, गोराईच्या अंगणात कांडता." म्हणजे त्यांनी शेवटी तिकडेच उरकलं होतं. दुसऱ्याच दिवशी आम्ही दोघी थिएटरात, कागद-पेन्सिलीसकट.

फिल्म सुरू झाली. होड्या आल्या, जाळी आली, वलांडीच्या दोऱ्यांवर वाळत टांगलेले बोंबील आले. मागून एक जाड आवाजाचा माणूस हिंदीत काहीबाही सांगत होता. आणि मग एकदम मावशी. एवढी मोठी! पडद्याभर नुसता तिचा चेहरा आणि ती अबोली. आई माझ्या दंडाला चिमटा काढून म्हणाली, "लिही." मी पेन्सिल टेकवली. मिरच्या गेल्या. धणे गेले. खसखस, दगडफूल, जे जगात कुणालाही माहीत आहे ते गेलं. तो माणूस म्हणाला, आता येणार या मसाल्याचं रहस्य. आईचा श्वास मला ऐकू येत होता.

पडद्याच्या कडेनं एक हात आला. बाप्याचा, मनगटावर घड्याळ. फिल्मवाल्यांपैकीच कुणीतरी असणार. त्या हातात बाजारातली कागदाची पुडी होती. रहस्य कसलं डोंबलाचं, कुठल्याशा दुकानातून बांधून आणलेला जिन्नस! आणि मावशीनं मुसळ उभं धरलं, भिंतीकडे तोंड फिरवलं आणि डोळे मिटून घेतले.

त्या हातानं पुडी रिकामी केली तरी ती वळेना. "हां" म्हणायचं असतं हे त्या घड्याळवाल्याला कुठून माहीत असणार? ती तशीच उभी. जाड आवाजाचा माणूस म्हणाला, भोळीभाबडी कोळीण कॅमेऱ्याला लाजते. थिएटर खो खो हसलं. कुणीतरी शिट्टी मारली. तिची पाठ दिसत होती आणि मानेवरची अबोली. मग होड्या आल्या पुन्हा आणि फिल्म संपली.

मला रडू फुटलं, आणि ते दुःखाचं नव्हतं, लाजेचं होतं. ज्यात लपवण्यासारखं काडीचंही नव्हतं, ज्याचं माप कुणाच्या बापाला नको होतं, त्याच्यापासूनही तिनं तोंड फिरवलं. आणि आम्ही तिला चोर म्हटलं. माझ्या कागदावर एक आडवी रेघ होती, बाकी कोरा. आई उठली. मुख्य सिनेमा सुरू होत होता, लोक खाली बसा म्हणून ओरडत होते. ती तशीच लोकांच्या पायांवर पाय देत बाहेर पडली.

पण संशयी माणसाची एक गोम असते. एक चोर हातून सुटला की दुसरा लागतोच. मावशी नाही, तर मग कोण? मी चार दिवस त्याच विचारात. आणि पाचव्या दिवशी वाण्याकडे सामानाची यादी घेऊन गेले. आईला लिहिता येत नव्हतं, यादी दरवेळी मीच लिहायची. वाण्यानं माझा कागद घेतला, वाचला आणि गल्ल्यामागच्या तारेच्या आकड्याला टोचला. त्या आकड्याला बारा महिन्यांच्या याद्या लोंबत होत्या. मी बघत राहिले. मधोमध एक कागद तेलकट झालेला, कडा झिजलेल्या, चार-चारदा काढून घातल्यासारखा. अक्षर माझं. आमच्या वर्षाच्या मसाल्याची यादी.

"ही अजून ठेवलीत?" मी विचारलं.

"ठेवायला नको?" वाणी म्हणाला. "मागच्या गल्लीतल्या बाईंना त्याचप्रमाणे बांधून देतो ना. त्या म्हणाल्या, त्यांच्यासारखंच द्या. नागकेशर एवढं का लागतं हो तुम्हांला? दुसरं कुणी नाही नेत."

त्यात लपवण्यासारखं काही आहे हे त्या बापड्याच्या गावीही नव्हतं. गिऱ्हाईकानं मागितलं, त्यानं दिलं. मला तर हसावं की त्या आकड्याला स्वतःलाच टोचून घ्यावं ते कळेना. घरी दार लावून कांडप करायचं, मावशीच्या नाकपुड्या मोजायच्या, कनवटीला गाठी मारायच्या, आणि माझ्या सुवाच्य अक्षरात, वजनासकट, सगळं भर बाजारात टांगलेलं! चोर घरातच होता. मी होते.

आईला सांगितलं. तिनं मला मारलं असतं तर बरं झालं असतं. ती एवढंच म्हणाली, "चल. लुगडा बदल."

आम्ही खाडी ओलांडून गोराईला गेलो. मावशी अंगणात बोंबील उलटत बसली होती. मुसळं पडवीत आडवी पडलेली, त्यांच्यावर जाळं वाळत टाकलेलं. आईला मी त्याआधी कधी कुणासमोर वाकलेली पाहिली नव्हती. ती खाली बसली, मावशीचे हात धरले आणि म्हणाली, "माझा चुकला गो. माका क्षमा कर." मग यादीचं, वाण्याचं, सगळं सांगितलं. मी मान खाली घालून उभी.

मावशीनं ऐकून घेतलं. रागावली नाही, रडली नाही. बोंबील उलटत राहिली.

"इथं कोण हाय ऐकायला?" मग ती म्हणाली. "हे सुके बोंबील? नाव माजं बोरिवलीत गेलं, बाय. माफी तू गोराईत मागतेस."

आईनं मावशीसोबत चार बोंबील उलटले. मग म्हणाली, "तू येत्या रविवारी ये. मुसळा घेऊन ये."

रविवारी अंगणात उखळ धुऊन ठेवलेलं होतं. आईनं दारोदार जाऊन सगळ्यांना बोलावलं. मागच्या गल्लीतल्या त्या गोड बाईलासुद्धा. गॅलऱ्या भरल्या, जेवणारे बाप्येही आले. मावशी आली, मुसळं खांद्यावर, कुणाकडे न बघता उखळापाशी उभी राहिली. आईनं वाण्याकडून ती तेलकट यादी मागून आणली होती. ती माझ्या हातात दिली.

"वाच," आई म्हणाली. "मोठ्यान. सगळा. वजनासकट."

"आई, अगं, सगळं?" मी कुजबुजले. "खानावळ?"

"गो, खानावळ मी चालवतंय. तू वाच. मसालो ह्या कागदातना फुटलो, हिच्या तोंडातना नाय, ह्या लोकांका कळाक होया."

मी वाचायला लागले. मिरची एवढी. धणे एवढे. वरच्या मजल्यावर एक शेजारीण चक्क पेन्सिल घेऊन लिहून घेत होती, मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली. मागच्या गल्लीतली बाई मान खाली घालून म्हणाली, "मला काय माहीत हो, मी आपलं वाण्याला सांगितलं." जिन्नस वाचले जात होते तसे आई एकेक उखळात टाकत होती आणि मावशीचं मुसळ पडत होतं. मिरचीनं लोक खोकायला लागले तरी हलेनात.

यादीत शेवटचं एकच उरलं. आईनं कनवटीची पुरचुंडी काढली. मी वाचणार तेवढ्यात मुसळाचा आवाज थांबला. बघते तर मावशीनं पदर कानांवरून घट्ट ओढून घेतला होता आणि भिंतीकडे तोंड करून, डोळे मिटून उभी होती.

"मावशे, अगो, आता काय लपवूचा नाय," आई म्हणाली. "सगळ्यांका सांगतंय मी. बघ तू. तुका बघूक होयाच."

"तुला नसंल लपवायचं," मावशी भिंतीला म्हणाली. "तू तुजं कर. माजा हात थांबलाय, टाक लवकर."

मी मोठ्यानं वाचलं, नागकेशर. वजनासकट वाचलं. आई उखळावर वाकली, पण पुरचुंडीची गाठ तिला सुटेना. मी यादी खाली ठेवली आणि गाठ सोडून दिली.